ह्याला डबा कोण देतं?

बाबांच्या उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं आणि आई-बाबा साताऱ्याहून १५ दिवस आमच्याकडे पुण्याला राहायला आले. दिवसातून चार वेळा थेंब, काळा चष्मा, खाली वाकायचं नाही, वाचायचं नाही. पेपर हातात आला की वरच्या तारखेपासून शेवटच्या पानावरच्या मुद्रकाच्या नावापर्यंत सगळं वाचून काढणारा माणूस. त्यांना नुसतं बसवून ठेवणं कठीण होतं. टीव्ही थोडा थोडा बघायला हरकत नाही असं डॉक्टर म्हणाले होते. बातम्यांचा कलकलाट मला घरात नको होता, म्हणून तिसऱ्या दिवशी संध्याकाळी मी मला आवडलेला एक सिनेमा लावला, दिग्दर्शिका आरती कडवचा 'कार्गो'. बाबा सोफ्यावर, आई खाली सतरंजीवर मेथीची जुडी सोडून बसलेली, बाहेर पाऊस. पडद्यावर अंतराळात तरंगणारं एक यान, आणि त्यात वर्षानुवर्षं एकट्याने नोकरी करणारा प्रहस्त. बटणं दाबतोय, यंत्रं बघतोय, आलेल्याची नोंद करतोय, पुन्हा बटणं दाबतोय. वीसेक मिनिटं झाली असतील. बाबा एकदम म्हणाले, "ह्याला डबा कोण देतं?"

आईचे हात थांबले. मान वर न करता ती म्हणाली, "तुम्हाला कोण देत होतं?"

बाबा काही बोलले नाहीत. मीही बोलले नाही. सिनेमा पुढे सरकला, मेथी निवडून झाली, आई देठं उचलून आत गेली. बाबांनी शेवटपर्यंत बघितला आणि "चांगला होता" एवढंच म्हणून थेंबांसाठी मान मागे टाकली. पण ते दोन प्रश्न माझ्या डोक्यातून जाईनात. रात्री गादीवर पडल्यावर, सकाळी दूध तापवताना, ऑफिसच्या बसमध्ये, कुठेही. हा सिनेमा मी आधी दोनदा पाहिला होता, त्याच्याबद्दल मैत्रिणींशी तासन् तास बोलले होते. यानाच्या जेलीफिशसारख्या आकाराबद्दल, त्यातल्या जुनाट यंत्रांबद्दल, मृत्यूबद्दल. प्रहस्तच्या जेवणाचा विचार एकदाही माझ्या मनात आला नव्हता. तो यायला बाबाच लागले, कारण प्रहस्तची नोकरी बाबांनी केली आहे.

बाबा टेलिफोन खात्यात होते. १९७८ ते १९९२ ते घाटमाथ्यावरच्या एका मायक्रोवेव्ह स्टेशनवर होते. आजच्या मुलांना हे सांगताना मला शब्द शोधावे लागतात. शहरातून शहरात जाणारे फोन तेव्हा डोंगरावरून डोंगरावर उड्या मारत जायचे. एका डोंगरावरच्या मनोऱ्याला दुसऱ्या डोंगरावरचा मनोरा सरळ दिसला पाहिजे, अंतर ४०-५० किलोमीटर. तिकडून थकून आलेला सिग्नल इथे पकडायचा, त्याला बळ द्यायचं आणि पुढच्या डोंगराकडे सोडून द्यायचा. स्टेशनवर एका वेळी दोन माणसं, आठ-आठ दिवसांची पाळी, मग दोन-तीन दिवस घरी. पावसाळ्यात रस्ता वाहून गेला की जीप वर यायची नाही आणि आठाचे बारा-चौदा दिवस व्हायचे. दर तासाला मीटर बघून लॉगबुकात आकडे भरायचे, बॅटऱ्यांचं पाणी बघायचं, वीज गेली की इंजिन चालू करायचं. पुढच्या-मागच्या स्टेशनशी बोलायला एक वेगळा फोन असायचा, त्याला ते ऑर्डर वायर म्हणत. बाबा सांगायचे की पावसाचा त्रास एवढा नसतो. खरा त्रास थंडीतल्या निवांत, वारा पडलेल्या रात्री. हवेचे थर एकावर एक स्थिर बसतात, लहरी वाकड्या होतात, सिग्नल बुडतो. "बाहेर सगळं शांत असलं की समजायचं, आज झोप नाही," हे त्यांचं वाक्य मी मोठी झाल्यावर कितीतरी वेगळ्या प्रसंगी आठवलं आहे.

मी नऊ वर्षांची असताना मे महिन्यात एकदा त्यांच्याबरोबर वर गेले होते. जीपमध्ये डिझेलचा आणि कांद्याच्या पोत्याचा वास, दोन्ही बाजूंना करवंदाच्या जाळ्या, शेवटच्या वळणावर कानाला दडे. यंत्रांची खोली थंडगार होती, कारण यंत्रांना उकडून चालत नाही. माणसांची खोली पत्र्याची होती आणि तापलेली होती. बॅटरीच्या खोलीत शिरलं की घशात आम्लाचा वास बसायचा. भिंतभर उंच कपाटं, त्यांवर लाल-पिवळे दिवे, एकसुरी गुणगुण. मी बाबांना विचारलं, लोकांचं बोलणं ऐकू येतं का इथे? ते म्हणाले, "हजारो माणसं बोलत असतात आत्ता या खोलीतून. आपल्याला कुणाचंच ऐकू येत नाही." आणि मग दुपारी त्यांनी वातीचा स्टोव्ह पेटवला, उकिडवे बसले, कांदा चिरला आणि पिठलं केलं. मी दारात उभी राहून बघत होते. बाबांच्या हातात पळी मी तेव्हा पहिल्यांदा पाहिली. घरी ते पाण्याचा तांब्यासुद्धा बसल्या जागेवरून मागायचे. इथे बेसन हाताने मोजून घेत होते, गुठळी मोडत होते, चव बघून मीठ टाकत होते, आणि त्यात कुठेही अवघडलेपण नव्हतं. घरी आल्यावर मी आईला मोठ्या कौतुकाने सांगितलं, "बाबांनी पिठलं केलं!" आई "हो का" म्हणाली आणि भाकरी थापत राहिली. तो "हो का" मला तेव्हा कळला नव्हता.

'कार्गो' पहिल्यांदा पाहिला तो २०२० च्या सप्टेंबरमध्ये, रात्री, कानात हेडफोन घालून, घरातले सगळे झोपल्यावर. त्याच्या आधीच्या महिन्यात माझी धाकटी मावशी गेली होती. कुणालाच जाता आलं नाही. मोबाइलवर कुणीतरी दाखवलेली सात-आठ मिनिटं, मध्येच अडकणारं चित्र, प्लास्टिकच्या पोशाखातली अनोळखी माणसं. तिच्या कपाळाला हात लागला नाही, ही गोष्ट घरात सगळ्यांच्या मनात होती आणि कुणी बोलत नव्हतं. अशा दिवसांत हा सिनेमा समोर आला. माणसं आणि राक्षस यांच्यात तह झालेला आहे. मेलेली माणसं एकेक करून पुष्पक ६३४ए नावाच्या यानावर येतात. त्यांना 'कार्गो' म्हणतात. ड्युटीवरचा राक्षस त्यांची नोंद करतो, शरीराला झालेली इजा दुरुस्त केली जाते, आठवणी पुसल्या जातात आणि पुढच्या जन्माकडे पाठवणी होते. बस, एवढंच. तराजू नाही, कढया नाहीत, पापपुण्याचा हिशेब नाही. तालुक्याच्या कचेरीत असावी तशी रीतसर, थोडी थकलेली, पण माणुसकी न सोडलेली व्यवस्था. मावशीलाही असं कुणीतरी "बसा" म्हणालं असेल, असं मला त्या रात्री वाटलं आणि मी हेडफोन काढून बराच वेळ रडले. सिनेमा चांगला की वाईट हे ठरवण्याच्या मनःस्थितीत मी नव्हतेच. नंतर शांतपणे पाहिला तेव्हाही तो चांगलाच वाटला.

तेव्हापासून मी आरती कडव या बाईच्या कामाच्या मागावर आहे.

नागपुरात वाढलेली, आयआयटी कानपूरला कॉम्प्युटर सायन्स शिकलेली, सॉफ्टवेअरची नोकरी सोडून सिनेमा शिकायला आलेली. आधी लघुपट. त्यातल्या एकाचं नावच 'टाइम मशीन', २०१६ मधला. मग 'कार्गो' हा पहिला मोठा सिनेमा. विक्रांत मॅसी प्रहस्त, श्वेता त्रिपाठी त्याची नवी सहायक युविष्का. २०१९ च्या ऑक्टोबरात मुंबईच्या मामि महोत्सवात तो पहिल्यांदा दाखवला गेला. पुढच्या मार्चमध्ये अमेरिकेत ऑस्टिनच्या साउथ बाय साउथवेस्ट महोत्सवात तो जायचा होता. ६ मार्च २०२० रोजी तो महोत्सवच रद्द झाला. सप्टेंबरात सिनेमा नेटफ्लिक्सवर आला, म्हणजे ज्या पडद्यासाठी ते यान बांधलं त्याच्याऐवजी माझ्यासारखीच्या मांडीवरच्या लॅपटॉपवर. या तारखा मी एकाखाली एक लिहून बघितल्या आहेत. मधल्या कोऱ्या महिन्यांत काय काय झालं असेल हे मला माहीत नाही, पण अशा माणसाच्या आयुष्यात त्या कोऱ्या महिन्यांची बेरीज चित्रीकरणाच्या दिवसांपेक्षा कितीतरी मोठी भरते, हे बाहेरूनही दिसतं. कथा लिहून झाली की पैशासाठी थांबायचं, पैसे आले की नटाच्या तारखांसाठी, चित्रीकरण झालं की दृश्यपरिणामांसाठी, मग महोत्सवाच्या उत्तरासाठी. विज्ञानपट करणाऱ्याला यात आणखी एक थांबा लागतो. समोरच्या माणसाला आधी हे पटवून द्यावं लागतं की ही गोष्ट लहान मुलांची नाही.

मराठी घरात वाढलेल्या मला याचं थोडं आश्चर्य वाटतं. आमच्याकडे दिवाळी अंकातून विज्ञानकथा यायच्या आणि आजीसुद्धा त्या वाचायची. जयंत नारळीकरांनी १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला कथा पाठवली ती टोपणनावाने, आणि अक्षर ओळखू येऊ नये म्हणून ती पत्नी मंगलाताईंकडून उतरवून घेऊन, ही हकिगत आमच्या शाळेत बाई दरवर्षी विज्ञानदिनाला सांगायच्या. म्हणजे वाचक होता, लेखक होते, मासिकं होती. पण त्या कथा कागदावरच राहिल्या. कागदावर 'यान' लिहायला दोन अक्षरं लागतात. सिनेमात तेच यान सुतार, रंगारी, वायरमन लावून ठोकावं लागतं, त्याच्या भिंतीला दिवे बसवावे लागतात, नटाला आत उभं करून तो खरंच पृथ्वीपासून लांब आहे असं भासवावं लागतं. परदेशात एक रस्ता तयार झालेला आहे. गॅरेथ एडवर्ड्स नावाच्या ब्रिटिश दिग्दर्शकाने २०१० मध्ये हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी माणसं घेऊन परग्रहावरच्या प्राण्यांचा सिनेमा काढला, त्यातले दृश्यपरिणाम घरी बसून बाजारात मिळणाऱ्या सॉफ्टवेअरवर स्वतः केले, आणि चार वर्षांनी त्याच्या हातात 'गॉडझिला' होता. छोटं यान, मग मोठं यान. आपल्याकडे हा जिना नाही. छोटं यान बांधणाऱ्याला पुढची पायरी आधी स्वतः घडवावी लागते, मग त्यावर पाय ठेवायचा.

'कार्गो' नीट बघितला तर हा तुटपुंजेपणा कुठे लपवलेला नाही आणि कुठे त्याची लाजही नाही. यानात चकचकीत काच नाही. फिरवायच्या खुंट्या आहेत, दाबायची जाड बटणं आहेत, पृथ्वीवरचा वरिष्ठ बोलतो तो जुन्या फुगीर टीव्हीच्या पडद्यातून. मला हे सगळं ओळखीचं वाटलं त्याचं कारण तेव्हा कळलं नव्हतं, परवा बाबांच्या शेजारी बसून बघताना कळलं. स्टेशनवरची कपाटं अशीच होती. भविष्यकाळ असा असू शकतो, हे बाबांना कुणी पटवून द्यायची गरज पडली नाही. त्यांनी फक्त तिथल्या माणसाच्या पोटाची चौकशी केली.

टाळेबंदीत आरती कडवने एक लघुपट केला, '५५ किमी/सेकंद'. पृथ्वीवर लघुग्रह आदळणार आहे, काही वेळच उरला आहे, आणि एक मुलगा जुन्या मैत्रिणीला व्हिडिओ कॉलवर मनातलं सांगतोय. मृणाल दत्त आणि रिचा चढ्ढा आपापल्या घरात, चित्रीकरण मोबाइलवर, दिग्दर्शिका तिसरीकडेच. लघुग्रहाचा वेग हे सिनेमाचं नाव, पण बघण्यासारखं आहे ते तारेच्या दोन टोकांना बसलेल्या दोन माणसांचं अडखळणं. त्याच्यानंतर 'द अ‍ॅस्ट्रॉनॉट अँड हिज पॅरट'. अपघातानंतर अंतराळात भरकटलेला अंतराळवीर, अली फझल, मरण्याआधी मुलीशी बोलायला धडपडतो आणि त्याचा आवाज जाऊन पोहोचतो भविष्य सांगणाऱ्या पोपटापाशी. मला हे बघताना ऑर्डर वायर आठवली. बाबा सांगायचे, रात्री तीनला काम काहीच नसलं तरी पुढच्या डोंगरावरचा माणूस घंटी वाजवायचा. नाव माहीत, आवाज माहीत, तोंड कधी बघितलेलं नाही. "काय, जागे का?" एवढंच विचारायचा. मग आकडे, मग हवामान, मग त्याच्या मुलीची दहावी. हे दोघं आयुष्यात एकदाच भेटले, कुणाच्या तरी निवृत्तीच्या समारंभात, आणि बाबा म्हणतात की समोरासमोर त्यांना एकमेकांशी काही बोलताच आलं नाही.

यान गेलं, फोन राहिला, मग नुसता रेडिओ राहिला. साधनं आकसत गेली तसतशी ती माणसाच्या आणखी जवळ सरकत गेली, असं मला वाटतं.

म्हणूनच २०२३ मध्ये जेव्हा कळलं की तिचा पुढचा मोठा सिनेमा 'मिसेस' असणार, जिओ बेबींच्या 'द ग्रेट इंडियन किचन'ची हिंदी आवृत्ती, तेव्हा मी खट्टू झाले. मूळ मल्याळम सिनेमा मला फार मोलाचा वाटतो, तरीही. जिने आभाळात यान सोडलं, तिला शेवटी स्वयंपाकघरात यावं लागलं का? आपल्याकडे बाईला अंतराळाला पैसे मिळत नाहीत आणि पोळ्यांना मिळतात, असा राग मनात होता. तो सगळाच चुकीचा होता असं आजही म्हणणार नाही. एस्टोनियातल्या तालिनच्या महोत्सवात तो त्या वर्षी दाखवला गेला, आणि आपल्याकडे झी फाइव्हवर आला तो ७ फेब्रुवारी २०२५ ला. आला तसा घराघरांत शिरला. 'कार्गो'चं नावही न ऐकलेल्या माझ्या जावेने मला फोन करून "बघितलास का" विचारलं, आणि त्यातल्या शिकंजीच्या, म्हणजे लिंबाच्या सरबताच्या, प्रसंगावर ती इतक्या पोटतिडकीने बोलली की तिच्या घरातलं मला बारा वर्षांत न कळलेलं बरंच काही त्या अर्ध्या तासात कळलं. मी मात्र तो बघायचं टाळत होते.

'कार्गो'च्या दुसऱ्या दिवशी आईनेच विचारलं, "तिचा दुसरा कुठला आहे का गं?"

मग लावला. दुपारची वेळ होती, बाबांच्या डोळ्यात नुकतेच थेंब घातले होते, पाच-दहा मिनिटं डोळे मिटून पडायचं होतं. ते सोफ्यावर तसेच पडून राहिले आणि पाच मिनिटं उलटून गेली तरी त्यांनी डोळे उघडले नाहीत. म्हणजे तो सिनेमा त्यांनी बराचसा ऐकला. चिरण्याचे आवाज, फोडणीचे आवाज, कुकरची शिट्टी, भांड्यावर भांडं, पाट्यावर दगड घासल्याचा आवाज, पुन्हा चिरणं. दिसत काही नसलं की या सिनेमात किती आवाज आहे ते कळतं. नवी लग्न होऊन आलेली रिचा, म्हणजे सान्या मल्होत्रा, दिवसभर त्या आवाजांच्या आत आहे आणि टेबलाशी बसलेल्या पुरुषांना तो ऐकू येत नाही. मध्येच बाबांनी मिटल्या डोळ्यांनी विचारलं, "ही मिक्सर का नाही लावत?" आई म्हणाली, "सासऱ्यांना पाट्यावरचीच चटणी लागते." आमच्या आजीलाही लागायची. मिक्सर घरात आल्यावरही तीन-चार वर्षं खोबऱ्याची चटणी पाट्यावरच व्हायची, आणि बाबा वर असले की नसले तरी आईच्या उजव्या मनगटाला पट्टी असायची. हे आईने सांगितलं नाही. मला आठवलं.

आणि त्या स्वयंपाकघरात बसिनच्या खालचा पाइप गळतो. ती सांगते, पुन्हा सांगते, प्लंबर बोलवायचं कुणाच्या लक्षात राहत नाही. खाली बादली, बादलीत घाण पाणी, ते उपसायचं. मी ते बघत होते आणि मला एकदम पुष्पक ६३४ए दिसायला लागलं. यानात एक थेंब गळला तर दिवे लाल होतील, भोंगा वाजेल, पृथ्वीवरून माणूस पडद्यावर येईल. हे यानच आहे. दार बंद, ड्युटीची वेळ ठरलेली, तीच यंत्रं, तेच काम, आत शिरणाऱ्या प्रत्येकाची सोय लावून त्याला पुढे पाठवायचं, आणि आपली नोंद कुठल्याच वहीत नाही. फक्त इथे भोंगा नाही. जिने दोन तास आपल्याला एका बंद खोलीतल्या एकाच कामाकडे मायेने बघायला लावलं होतं, तीच हे करू शकत होती. ती आभाळातून खाली उतरली असं मला वाटलं होतं. आता वाटतं, तिने त्याच यानाचं मागचं दार उघडून दाखवलं, जिथून डबा येतो.

'कार्गो'त पृथ्वीवरून बोलणारा तो वरिष्ठ, नितिज्ञ, हे काम नंदू माधव यांनी केलं आहे. त्यांना बघितलं की मला दुसरं काही सुचतच नाही, दादासाहेब फाळकेच दिसतात, कारण २००९ मध्ये परेश मोकाशींच्या 'हरिश्चंद्राची फॅक्टरी'त ते फाळके झाले होते. हा योगायोग असेल, पण मला तो सोडवत नाही. फाळक्यांनी विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून लंडन गाठलं, कॅमेरा आणला, आणि पहिला सिनेमा काढण्याआधी १९१२ मध्ये एक छोटीशी फिल्म केली. कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा ठेवला, रोज थोडंथोडं टिपत राहिले आणि महिनाभराचं वाढणं पडद्यावर मिनिटभरात बसवलं. यान नाही, राक्षस नाही, एक कुंडी. पण काळ मुठीत धरून दाखवला ना! आपल्याकडच्या विज्ञानपटाची सुरुवात मी मनातल्या मनात तिथून धरते. आणि त्या घरात सरस्वतीबाई होत्या. दिवसा ६०-७० माणसांचा स्वयंपाक, रात्री अंधारात बसून फिल्मला भोकं पाडणं. ३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला त्यात एवढ्या माणसांचं जेवण आहे. स्वतंत्रपणे सिनेमा करणाऱ्यांच्या हकिगती आपण कर्ज, दागिने, जिद्द अशा सांगतो. चुलीवरचं पातेलं त्यात पाठीमागे कुठेतरी असतं.

आमच्या घरातली हकिगतही मी अशीच सांगत आले होते. डोंगरावरचे बाबा. वादळात इंजिन चालू करायला पत्रे उडत असताना बाहेर पडलेले बाबा. शाळेतल्या निबंधात, मुलांना झोपवताना, वरच्या यानाचीच गोष्ट. त्या चौदा वर्षांत खाली साताऱ्याच्या दोन खोल्यांत आजीचं पथ्य, माझी गोवर, भावाचा मोडलेला हात, रेशनची रांग आणि पाटा हे सगळं आईने चालवलं. तिच्याकडे मात्र ऑर्डर वायर नव्हती. ज्या माणसाच्या खोलीतून हजारो फोन जायचे त्याच्या घरी फोन १९९१ मध्ये आला. पुढच्याच वर्षी ऑप्टिकल फायबरचं काम आमच्या भागात सुरू झालं, मनोऱ्याची गरज संपत आली आणि बाबांची बदली खाली ऑफिसात झाली. ते रोज घरी यायला लागले. स्टोव्ह, पळी, बेसनाचा डबा वरच राहिला. खाली आल्यावर त्यांनी गॅसजवळ कधी पाऊल टाकलं नाही, आणि आम्ही कुणी ते पाहून चकित झालो नाही.

परत जायच्या आदल्या दिवशी बाबांचा चष्मा बदलला होता, रंग खूप उजळ दिसतात म्हणून ते खूश होते. आई आत ओल्या खोबऱ्याची चटणी वाटत होती. मिक्सरच्या आवाजातच मी बाबांना विचारलं, वर तुम्ही पिठलं करायचात ते कसं करायचात? त्यांनी आधी माझ्याकडे बघितलं, मग हातांकडे. आणि सांगायला लागले. कांदा उभा चिरायचा, बारीक नाही, कारण वाऱ्याने स्टोव्हची आच वाकडी होते आणि बारीक कांदा एका बाजूने करपतो. बेसन आधी गार पाण्यात कालवून ठेवायचं. पावसाळ्यात कोथिंबीर नाही, हिरवी मिरची संपलेली, मग तिखट. आणि शेवटी दोन आमसुलं. जोडीदार कोकणातला होता, त्याने शिकवलं. त्या आमसुलाने असं काही व्हायचं, की भात कमी पडायचा. सांगताना त्यांचा उजवा हात हवेत पळी फिरवत होता.

आत मिक्सर बंद झाला होता. केव्हा बंद झाला ते आमच्या दोघांच्याही लक्षात आलं नाही. आई पदराला हात पुसत दारात उभी होती.

"पिठल्यात आमसूल?" ती म्हणाली. "माझ्या पिठल्यात कधी घातलं नाही मी."

"नाही घातलंस."

"मग इतक्या वर्षांत सांगितलं का नाहीत?"

बाबा खिडकीबाहेर बघत होते. नव्या डोळ्याला समोरच्या इमारतीवरचा मोबाइलचा टॉवर आता स्वच्छ दिसत असावा.

"तू कुठे विचारलंस," ते म्हणाले.

आई थोडा वेळ तशीच उभी राहिली. मग आत गेली आणि तिने मिक्सर पुन्हा चालू केला.